चित्रपटाच्या प्रती आणि टीकाकाराचें कर्तव्य

ग्रंथपरीक्षणाचा पहिला नियम असा आहे कीं, ग्रंथाविषयीं मत देण्यापूर्वीं त्याची कोणती प्रत आपणांसमोर आहे हें परीक्षकानें पाहून घ्यावें. हा नियम आपणांकडे कांहीं नवा नाहीं. शके १५०६ मध्यें एकनाथमहाराजांनीं ज्ञानेश्वरीचा पाठ शुद्ध केला, तेव्हां नकलकारांच्या हातून मूळ ग्रंथांत किती भर पडते व किती मोडतोड होते याची जाणीव महाराष्ट्रास झालेली होती. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें १९१९ मध्यें आरंभिलेलें व १९६६ मध्यें पुरें केलेलें महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचें कार्य तर याच नियमाचें भव्य उदाहरण आहे. असें असून, ज्या कलेचा उपभोग आज आपल्या घरांत सर्वांत अधिक घेतला जातो त्या चित्रपटकलेविषयीं मात्र आपण हा नियम पार विसरून गेलों आहों. अमुक चित्रपट सुंदर आहे, अमुक रटाळ आहे, अमुक जुना बोलपट आतां पाहवत नाहीं, अशीं मतें आपण रोज ऐकतों व देतों. परंतु तो चित्रपट आपण कोणत्या प्रतींतून पाहिला, हा प्रश्न कोणी कोणास विचारीत नाहीं.

विचारतो तो एकच वर्ग, आणि तो वर्ग प्रतिष्ठितांचा नव्हे. महाजालावर चित्रपटांच्या अनधिकृत फायली पसरविणाऱ्या मंडळींनीं गेल्या पंचवीस-तीस वर्षांत आपली एक परिभाषा बनविली आहे. फायलीच्या नांवांतच, चित्रपटाचें नांव व साल यांच्या पुढें, ती कोठून उतरविली याचा निर्देश असतो : कॅम, टेलीसिंक, स्क्रीनर, डीव्हीडी-रिप, बीडी-रिप, वेब-डीएल, रीमक्स. कॉलेजांत जाणाऱ्या मुलांस हीं नांवें तोंडपाठ असतात, आणि त्यांच्या वडिलांस तीं औषधाच्या बाटलीवरील बारीक मजकुरासारखीं दुर्बोध वाटतात. या मंडळींच्या धंद्याचें समर्थन आम्हांस कर्तव्य नाहीं. दुसऱ्याची कृति त्याच्या अनुमतीवांचून वांटणें हा १९५७ च्या कॉपीराइट कायद्यान्वयें अपराध आहे. आणि चित्रपटगृहांत बसून चोरून चित्रीकरण करणाऱ्यास २०२३ सालच्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्ती कायद्यानें तीन महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद, आणि तीन लाख रुपयांपासून चित्रपटाच्या निर्मितिखर्चाच्या पांच टक्क्यांपर्यंत दंड सांगितला आहे, हें योग्यच झालें. परंतु चोरानें गांठोड्यावर केलेल्या खुणा वाचून मालाचा माग काढण्यांत पाप नाहीं. या खुणांपासून सरळमार्गी प्रेक्षकानें व विशेषतः टीकाकारानें काय शिकावें, एवढाच या लेखाचा विषय आहे.

'रिप' या इंग्रजी शब्दाचा मूळ अर्थ उसवून वा ओरबाडून काढणें असा आहे. तबकडीवरचा अथवा प्रक्षेपणांतला चित्रपट तेथून बाहेर काढावयाचा आणि सोयीच्या आकाराच्या फायलींत बसवावयाचा, अशी ही क्रिया. जेथून काढला त्या उगमावरून प्रतीस नांव मिळतें. सर्वांत खालच्या पायरीवर 'कॅम' आहे. प्रेक्षागृहांत लपवून नेलेल्या कॅमेऱ्यानें पडद्यावरचेंच चित्र घेतलेलें असतें. त्यांत पडदा तिरका दिसतो, कडा कापल्या जातात, पुढच्या रांगेंतील मनुष्य उठला म्हणजे त्याची सावली नायिकेच्या तोंडावर पडते, आणि संवादांबरोबर प्रेक्षकांचें खोकणेंहि ऐकूं येतें. 'टेलीसिंक' ही तिचीच थोडी सुधारलेली बहीण. चित्र पडद्यावरूनच घेतलेलें, पण ध्वनि निराळ्या मार्गानें यंत्रांतून थेट मिळविलेला. 'टेलीसिनी' मध्यें पडदा आड येत नाहीं. चित्रपटाची फीतच यंत्रांत घालून तिच्यावरून नवें चित्र उतरवितात. 'स्क्रीनर' म्हणजे परीक्षकांस व पारितोषिकांच्या मतदारांस खाजगी रीतीनें पाठविलेली प्रत; तिच्यांत मधूनमधून मालकीची सूचना पडद्यावरून सरकत जाते. या पायरीचा उगम बहुतेक आम्हां परीक्षकमंडळींच्याच घरांत असतो, हें लक्षांत ठेवण्यासारखें आहे.

यापुढच्या पायऱ्या बाजारांत उघड विकल्या गेलेल्या मालाच्या आहेत. १९९३ मध्यें व्हीसीडी आली, १९९६ च्या अखेरीस जपानांत डीव्हीडी निघाली, आणि २००६ मध्यें ब्लू-रे आली. व्हीसीडीवरील एकेक चित्र आडवे ३५२ व उभे २८८ बिंदु मिळून झालेलें असे. म्हणजे एकूण बिंदु एक लाखाच्या थोडे वर. डीव्हीडींत तेच ७२० व ५७६, म्हणजे सुमारें चार लाख पंधरा हजार. आणि ब्लू-रेमध्यें १९२० व १०८०, म्हणजे वीस लाख त्र्याहत्तर हजारांच्यावर. डीव्हीडीवरून काढलेली ती डीव्हीडी-रिप, आणि ब्लू-रेवरून काढलेली ती बीडी-रिप. 'बीआर-रिप' हें नांव दिसावयास तसेंच असलें तरी ती बीडी-रिपेवरून पुन्हा लहान केलेली प्रत होय. नांवांत एका अक्षराचा फरक, पण वंशांत एका पिढीचा. घरपोंच चित्रपट पुरविणाऱ्या कंपनीनें पाठविलेली फाईल जशीच्या तशी उतरविली तर ती 'वेब-डीएल'; तीच चालू असतांना पकडून नव्यानें लहान केली तर ती 'वेब-रिप'. सर्वांत वर 'रीमक्स'; तीत तबकडीवरील चित्रास व ध्वनीस मुळींच हात लावलेला नसतो, केवळ वेष्टन बदललेलें असतें. वेष्टनाची गोष्ट निघालीच आहे म्हणून सांगतों कीं, एव्हीआय, एमपी-४, एमकेव्ही अशीं जीं अक्षरें फायलीच्या शेपटीस असतात तीं केवळ डब्याचीं नांवें आहेत. डब्यावरून लोणच्याची चव कळत नाहीं, त्याप्रमाणें या अक्षरांवरून चित्राचा दर्जा कळत नाहीं.

आतां या परिभाषेचें मर्म पाहूं. हीं नांवें गुणवाचक नसून कुलवाचक आहेत. बीडी-रिप म्हणजे चांगली प्रत, असा त्याचा अर्थ नव्हे. ती कोणापासून जन्मली एवढेंच तें नांव सांगतें. मोठ्या कुळांत दिवटा निपजावा तशी निष्काळजीपणें काढलेली बीडी-रिप एखाद्या जाणत्या हातानें काढलेल्या डीव्हीडी-रिपेहून वाईट असूं शकते. आणि मूळ ब्लू-रेच झिजलेल्या फितीवरून केलेली असेल तर तिच्या वंशजांनीं करावें तरी काय? तथापि कूळ कळल्यावांचून परीक्षेस आरंभच होत नाहीं. महाभारताच्या आवृत्तीचे संपादक डॉ. विष्णु सीताराम सुखठणकर यांनीं जी पद्धति अवलंबिली तिचें एक तत्त्व असें कीं, पोथ्यांची संख्या मोजावयाची नसून त्यांचीं घराणीं ओळखावयाचीं. एकाच पोथीवरून उतरलेल्या पन्नास पोथ्या मिळून साक्ष एकच. एकाच चित्रपटाच्या लहानमोठ्या वीस फायली महाजालावर असल्या आणि त्या सर्व एकाच तबकडीपासून निघाल्या असल्या, तर तेथेंहि साक्ष एकच. या चोरट्या मंडळींत पाठचिकित्सेचाहि एक प्रकार आहे. पहिल्यानें काढलेली प्रत सदोष निघाली तर दुसरा गट आपली प्रत 'प्रॉपर' असें नांव देऊन काढतो, आणि पहिलींत दोष कोणता होता तेंहि सांगतो. आपल्या मुद्रित समीक्षेंत एवढी चोखंदळ वृत्ति आम्हांस क्वचितच आढळते.

येथें एक शंका येण्यासारखी आहे. डिजिटल प्रत म्हणजे अखेर आंकड्यांची रास; मग तिची नक्कल करतांना बिघाड होतो तो कां ? याचें उत्तर असें कीं, नक्कल करणें निराळें आणि संक्षेप करणें निराळें. व्हिडीओ कॅसेटच्या काळीं प्रत्येक नकलेबरोबर चित्र कांहीं अंशीं फिकें होई, आणि पांचव्या-सहाव्या नकलेंत माणसांचे चेहरे ओळखूं येत नसत. डिजिटल फायलीची हजारावी नक्कल मात्र पहिलीसारखीच असते. कारण येथें नक्कल म्हणजे अक्षरास अक्षर लावून लिहिणें होय. परंतु फाईल लहान करावयाची म्हटली कीं अक्षरें गाळावीं लागतात. तेव्हां ती नक्कल राहत नाहीं, तो गोषवारा होतो. गोषवाऱ्याचा पुन्हा गोषवारा केला म्हणजे काय उरतें हें परीक्षेच्या मार्गदर्शिका वाचणाऱ्या पिढीस सांगावयास नको. कॅसेटींतला बिघाड वस्तुस्वभावानें येई. डिजिटल प्रतींतला बिघाड बहुशः मनुष्याच्या निर्णयानें येतो. म्हणूनच त्याची जबाबदारी कोणाची हें विचारतां येतें.

हा गोषवारा किती मोठ्या प्रमाणांत होतो याचा थोडा हिशेब पाहावा. ब्लू-रेच्या आकाराचें एक चित्र वीस लाख त्र्याहत्तर हजार बिंदूंचें. प्रत्येक बिंदूस तीन आंकडे. सेकंदास चोवीस चित्रें. दोन तासांचा चित्रपट कांहींएक न गाळतां लिहून ठेवावयाचा तर हजार गिगाबाइटांहून अधिक जागा लागेल. चित्रपटगृहांत जी डिजिटल प्रत जाते तिच्यांतहि संक्षेप असतोच; परंतु तेथें प्रत्येक चित्र स्वतंत्रपणें लिहिलेलें असतें, आणि दोन तासांस सव्वादोनशें गिगाबाइटांपर्यंत चित्रासाठीं खर्च करण्याची मुभा असते. ब्लू-रेच्या मोठ्या तबकडींत पन्नास गिगाबाइट मावतात. वेब-डीएल पुष्कळदां चार-पांच गिगाबाइटांत आटपते. आणि १९९९ च्या सुमारास 'डिव्हएक्स' नांवाची पद्धति पसरली तेव्हां चित्राचा आकार कमी करून आख्खा चित्रपट ७०० मेगाबाइटांच्या एका सीडींत कोंबण्याचा प्रघात पडला. पुढें २००३ मध्यें मान्य झालेली एच.२६४ व २०१३ मध्यें मान्य झालेली एच.२६५ या पद्धतींनीं त्याच जागेंत पुष्कळ चांगलें चित्र बसूं लागलें, हें खरें. यावरून 'फाईल जितकी मोठी तितकी चांगली' हा घरगुती समज टिकत नाहीं. आणि 'पद्धति नवी म्हणून प्रत चांगली' हाहि टिकत नाहीं. दोन्ही एकत्र पाहावीं लागतात.

परंतु टीकाकाराच्या दृष्टीनें महत्त्वाचा प्रश्न किती गाळलें हा नसून काय गाळलें हा आहे. संक्षेपाचें यंत्र मनुष्याच्या डोळ्याच्या उणिवा जाणून काम करतें. डोळ्यास उजेडातले बारीक भेद कळतात तितके रंगांतले कळत नाहींत. म्हणून रंगाची नोंद चार बिंदु मिळून एकदांच करतात. एका चित्रापासून पुढच्या चित्रापर्यंत जें बदलत नाहीं तें पुन्हा लिहीत नाहींत, केवळ कोणता भाग कोणीकडे सरकला एवढें टिपून ठेवतात. मग चित्राचे लहान लहान चौकोन पाडून त्यांतील सूक्ष्म फेरफार कमीअधिक पुसून टाकतात. हें सर्व बेतानें केलें तर कोणाच्या लक्षांतहि येत नाहीं. बेत सुटला म्हणजे रात्रीच्या देखाव्यांतील अंधार डांबरासारखा एकजीव होऊन त्यांत चौकोन हलूं लागतात. संध्याकाळच्या आकाशांत डोंगरउतारावरच्या शेतांसारखे पट्टे पडतात. नटाच्या गालावरची कातडी मेणासारखी होते. आणि फितीचा जो बारीक रवा तिच्या जिवंतपणाची खूण तो समूळ नाहींसा होतो. यंत्रास सर्वांत जड जातात ते पाऊस, धूर, नदीचें पाणी, वाऱ्यानें हलणारीं पानें आणि लोकांची दाटी. कारण तेथें प्रत्येक बिंदु प्रत्येक क्षणीं बदलत असतो. उजळ दिवाणखान्यांत बसून दोन माणसें बोलत आहेत, असा देखावा मात्र अगदीं दरिद्री प्रतींतहि सुखरूप राहतो. म्हणजे संक्षेपाचा आघात सर्वत्र सारखा होत नाहीं. चित्रपटांतील गद्यापेक्षां काव्यावर तो अधिक होतो. ज्या दिग्दर्शकानें संवादांवर भिस्त ठेवली तो अशा प्रतींत तरून जातो. ज्यानें उजेड, पाऊस व मुद्रा यांवर ठेवली तो बुडतो. अशा प्रतींवरून दोघांची तुलना करणारा टीकाकार न्याय करीत नसून गणिताच्या पक्षपातास स्वतःचें नांव देत असतो.

गाळण्याइतकीच दुसरी आपत्ति भरीची आहे. जुन्या पोथ्यांत क्षेपक ओव्या शिरत, तशा प्रकारचे क्षेपक आतां चित्रांत शिरूं लागले आहेत. व्हीसीडीच्या दर्जाचें एखादें जुनें चित्र यंत्रानें फुगवून ब्लू-रेच्या मापाचें करतात आणि त्यावर '१०८०' हा आंकडा लावतात. वरील हिशेबानें पाहिलें तर अशा चित्राच्या वीस बिंदूंपैकीं एकोणीस यंत्रानें अदमासानें भरलेले असतात. आंकडा खोटा नसतो, पण बोलणें खोटें असतें. अलीकडे कृत्रिम बुद्धीचीं साधनें ही भर अधिक चतुराईनें घालतात. अंधुक चेहऱ्यास रेखीव डोळे व गुळगुळीत गाल देतात, आणि ते त्या नटाचे नसतात. संक्षेपानें खरें जातें व प्रक्षेपानें खोटें येतें. जुन्या चित्रांच्या वांट्यास बहुधा हे दोन्ही भोग एकामागून एक येतात.

आकार व वेग यांचीहि अशीच कथा आहे. १९३२ नंतरच्या बोलपटांचें चित्र उंचीच्या सुमारें १.३७ पट रुंद असे. आजच्या दूरदर्शनसंचाची कांच १.७८ पट रुंद आहे. ती कांच भरून काढण्यासाठीं कोणी चित्राच्या वरचा व खालचा मिळून जवळजवळ चौथा हिस्सा कापतो, तर कोणी चित्र आडवें ताणून सर्व पात्रांस स्थूल करतो. वेगाची गोष्ट याहून सूक्ष्म आहे. चित्रपट सेकंदास चोवीस चित्रांच्या वेगानें घेतलेला असतो. पंचवीस चित्रांच्या पद्धतीच्या तबकडीवर वा दूरदर्शनवर तो बसवितांना बहुधा तसाच थोडा जलद चालवितात. शंभर मिनिटांचा चित्रपट मग शहाण्णव मिनिटांत संपतो, आणि ध्वनि सुधारून न घेतल्यास हार्मोनियमच्या एका पट्टीपासून लगतच्या पट्टीपर्यंत जें अंतर असतें त्याच्या दोनतृतीयांशाहून अधिक सर्व सूर चढतात. ज्या समाजांत गायकाचा स्वर थोडा हलला तर मैफलींत माना वळतात, त्या समाजानें आपल्या आवडत्या नटगायकांचीं पदें वर्षानुवर्षें चढ्या सुरांत ऐकावीं आणि त्याची वार्ताहि नसावी, हें आश्चर्य आहे.

यावर कित्येक सुज्ञ लोक म्हणतील कीं, हीं सर्व तांत्रिक कटकट आहे. चित्रपटाचा आत्मा त्याच्या कथेंत असतो, आणि कथा वाईट प्रतींतहि समजते. समजते, हें आम्हांस मान्य आहे. परंतु कथा समजणें म्हणजे चित्रपट पाहणें नव्हे. प्रभातचा 'संत तुकाराम' घ्या. विष्णुपंत दामले व फत्तेलाल यांनीं १९३६ मध्यें काढलेला हा बोलपट १९३७ च्या व्हेनिस महोत्सवांत गौरविला गेला. त्याची कथा चार ओळींत सांगतां येते, आणि तींतले चमत्कार ऐकून आजचा तरुण किंचित् हंसेल. त्या हंसण्यास जें उत्तर आहे तें कथेंत नाहीं. तें विष्णुपंत पागनिसांच्या मुद्रेंत आहे. त्या मुद्रेवरील शांति पाहिली म्हणजे चमत्कार हा प्रश्नच उरत नाहीं. परंतु ज्या प्रतींत त्या मुद्रेचा मेणाचा मुखवटा झाला आहे त्या प्रतींत काय उरतें ? चमत्कार तेवढे उरतात. तेव्हां तो तरुण हंसला तर दोष त्याच्या अश्रद्धेचा नसून प्रतीचा आहे.

दुसरें उदाहरण व्ही. शांताराम यांच्या १९३७ सालच्या 'कुंकू' चें. नारायण हरि आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर आधारलेल्या या बोलपटांत पार्श्वसंगीत हेतुपुरस्सर टाळलें आहे. घड्याळाची टिकटिक व घरांतले नित्याचे आवाज हेंच तेथील संगीत. जरठ-कुमारी विवाहाचें दुःख त्या शांततेंत घड्याळाच्या ठोक्यांनीं मोजलें जातें. जुन्या ध्वनींतील खरखर काढण्याचें यंत्र अविचारानें चालविलें तर खरखरीबरोबर हे बारीक आवाजहि जातात, आणि अर्थपूर्ण शांततेच्या जागीं नुसती पोकळी राहते. ध्वनि अतिशय दाबून बसविला तरी तोच परिणाम. आमच्या एका विद्यार्थ्यानें निबंधांत लिहिलें होतें कीं, त्या काळच्या आपल्या छायालेखकांस उजेडाचें फारसें ज्ञान नव्हतें. त्यानें जी फाईल पाहिली होती ती कित्येकदां लहान केलेली असून तिच्या कोपऱ्यांत विक्रेत्याची मुद्रा कायमची उमटलेली होती. अज्ञान होतें तें त्या फायलीच्या घराण्यांत. आणि त्याचा ठपका मात्र ऐंशी-नव्वद वर्षांपूर्वीं आपलें काम चोख करून गेलेल्या कारागिरांवर आला. आमच्या मतें या विषयांतील खरी हानि ही आहे. वाईट प्रत एकट्या प्रेक्षकाचा रसभंग करून थांबत नाहीं. ती पूर्वजांविषयीं पुढच्या पिढीचें मत बनविते.

आपल्याकडे ही हानि अधिक लागते, कारण आपला मूळ सांठाच तोकडा आहे. दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ सालच्या 'राजा हरिश्चंद्र' च्या चार रिळांपैकीं पहिलें व शेवटचें एवढींच उरलीं आहेत. आणि तींहि त्यांनीं १९१७ मध्यें पुन्हा काढलेल्या आवृत्तीचीं असावींत, असें कांहीं अभ्यासकांचें मत आहे. म्हणजे हिंदी चित्रपटसृष्टीच्या पहिल्याच पानावर 'ही कोणती प्रत ?' हा प्रश्न लिहिलेला आहे. चित्रपटांच्या जतनासाठीं पुण्यास राष्ट्रीय संग्रहालय स्थापन झालें तें १९६४ मध्यें. तोंपर्यंत पुष्कळ कांहीं गेलेलें होतें. जें मिळालें होतें त्यांपैकीं नायट्रेटच्या जुन्या फितींचा मोठा सांठा २००३ च्या जानेवारींत पुण्यास लागलेल्या आगींत जळाला. मूळ फीत गेली कीं तिच्यावरून पूर्वीं जी बरीवाईट प्रत निघाली असेल तीच मूळ होऊन बसते. म्हणून वाईट प्रतीची आम्ही कुचेष्टा करीत नाहीं. मुळींच नसण्याहून ती बरी. आणि कांहीं चित्रपट केवळ कोणा हौशी माणसानें दूरदर्शनवरून उतरवून ठेवले म्हणून आज पाहावयास मिळतात, हेंहि खरें आहे. फाटकी पोथी पूज्यच आहे. मात्र ती फाटकी आहे हें वाचकास सांगितलें पाहिजे.

मूळ सांपडलें व त्यावर शास्त्रशुद्ध श्रम केले तर काय होऊं शकतें, याचें उदाहरण बंगालनें पाहिलें आहे. सत्यजित राय यांच्या अपूच्या तीन चित्रपटांच्या मूळ फिती १९९३ मध्यें लंडनच्या एका प्रयोगशाळेंतील आगींत होरपळल्या. त्या होरपळलेल्या फितींचे तुकडे वर्षानुवर्षें जपून ठेवले गेले. पुढें त्यांच्यावर रासायनिक उपचार करून, जेथें मूळ निरुपयोगी झालें तेथें इतर चांगल्या प्रतींचा आधार घेऊन, २०१५ मध्यें ते चित्रपट नव्या रूपांत प्रसिद्ध झाले. कोणता भाग कशावरून घेतला हेंहि संपादकांनीं लपविलें नाहीं. ज्यांनीं हे चित्रपट पूर्वीं झिजलेल्या प्रतींतून पाहून त्यांस गरिबीचीं चित्रें म्हटलें होतें, त्यांनीं नव्या प्रतींत पाण्यावरचे किडे, काशाचे तुरे आणि पहिल्या पावसाचा उजेड एकदां पाहावा. गरिबी तीच आहे. परंतु तिच्या भोंवतीं केवढें ऐश्वर्य राय यांनीं मांडलें होतें, तें आतां दिसतें.

आतां सावकारांकडे वळूं. जे कायदेशीर मार्गानें चित्रपट विकतात वा घरपोंच पुरवितात, ते आपल्या मालाविषयीं काय सांगतात ? बहुधा 'एचडी' एवढीं दोन अक्षरें. फीत कोणती, कोणत्या सालीं उतरविली, आकार कापला कीं राखला, ध्वनि कोठला, यांपैकीं एकाचेंहि उत्तर सामान्यतः मिळत नाहीं. शिवाय घरपोंच प्रवाहाचा दर्जा तारेच्या शक्तीप्रमाणें क्षणोक्षणीं बदलत असतो. त्यामुळें एकाच रात्रीं एकाच आळींतील दोन घरें एकच चित्रपट दोन निराळ्या प्रतींतून पाहतात, आणि सकाळीं त्यावर वाद घालतात. चोराच्या गांठोड्यावर मालाचें मूळ लिहिलेलें असावें आणि सावकाराच्या दुकानांत तें नसावें, ही गोष्ट सावकारास भूषणावह नाहीं. चोरीस आळा घालण्यासाठीं कायदा कडक झाला तो व्हावाच. परंतु प्रामाणिक गिऱ्हाइकास चोराहून अधिक माहिती देणें, हाहि चोरी थांबविण्याचा एक उपाय आहे.

आमची मागणी अल्प आहे. जुने लेखकु पोथीच्या शेवटीं पुष्पिका लिहीत. पोथी कोणी, कोणत्या शकांत व कोणासाठीं लिहिली तें तींत असे. तशी चार ओळींची पुष्पिका प्रत्येक प्रकाशित चित्रपटाच्या आरंभीं असावी : चित्र मूळ निगेटिव्हवरून घेतलें कीं प्रदर्शनाच्या झिजलेल्या प्रतीवरून, केव्हां घेतलें, दुरुस्ती कोणती केली, आकार व वेग मूळचाच आहे कीं बदलला. नियतकालिकांतून चित्रपटांचें परीक्षण लिहिणाऱ्यांनीं लेखाच्या शेवटीं एक वाक्य घालावें : आम्हीं हा चित्रपट अमुक प्रतींतून पाहिला. कॉलेजांतील अध्यापकांनीं जुना चित्रपट वर्गांत लावण्यापूर्वीं मिळतील तेवढ्या प्रती ताडून पाहाव्या. आणि गृहस्थांनीं निदान एवढें करावें, कीं दिवे मंद करून बसावें, संचाची रंग भडक करणारी व हालचाल गुळगुळीत करणारी योजना बंद ठेवावी, आणि चित्राच्या दोन्ही बाजूंस काळ्या पट्ट्या दिसल्या तर चिडूं नये. त्या पट्ट्यांमुळेंच पात्रांचीं डोकीं व पाय शाबूत राहिले आहेत असें समजावें. यांस एक पैचाहि खर्च नाहीं.

चित्रपट ही कला वयानें लहान आहे. तिचे आद्य ग्रंथ अजून दीडशें वर्षांचेहि झाले नाहींत, आणि त्यांची पानें इतक्यांतच गळूं लागलीं आहेत. ज्ञानेश्वरीच्या शुद्धीस तीनशें वर्षांनीं नाथ मिळाले. फितीचें आयुष्य इतकें नसतें, ती तोंवर थांबणार नाहीं. म्हणून जे जाणते आहेत त्यांनीं आजच प्रती तपासाव्या, आणि ज्या कारागिरांस आतां स्वतःची बाजू मांडतां येत नाहीं त्यांच्याविषयीं निवाडा देण्यापूर्वीं, आपणांसमोर उभा असलेला साक्षीदार कोणत्या कुळांतला आहे तें विचारून घ्यावें.